बिल्ड १९३५ की लॉस्ट अल्फा?

कीव्हच्या जीएससी गेम वर्ल्डचा 'स्टॉकर: शॅडो ऑफ चेर्नोबिल' हा व्हिडिओ गेम २००७ मध्ये आला, तोवर त्यातले कितीतरी नकाशे आणि चालवता येणाऱ्या गाड्या गाळल्या गेल्या होत्या. ते सगळं बघायला आधी काय उतरवून घेऊ, बिल्ड १९३५ की लॉस्ट अल्फा, असं एका मित्राने विचारलं. दोन्ही फुकट आहेत, त्यामुळे पैशांचा प्रश्न नाही.

अस्सलपणात बिल्ड १९३५ला तोड नाही. ऑक्टोबर २००४मधला हा अर्धवट गेम स्टुडिओने २००९ मध्ये स्वतःच खुला केला. गाडीत बसून झोनमध्ये, म्हणजे गेममधल्या चेर्नोबिलभोवतीच्या निषिद्ध प्रदेशात, फिरताना मूळ स्वप्न केवढं मोठं होतं ते कळतं, आणि जीव हळहळतो. लॉस्ट अल्फा (२०१४) ही डेझोवेव्ह या चाहत्यांच्या गटाने केलेली पुनर्बांधणी. गाळलेले नकाशे, गाड्या परत आणून त्यांनी सलग कथा रचली, पण रिकाम्या जागा स्वतःच्या कल्पनेने भरल्या. तिला पुरावा मानू नये.

बिल्ड मात्र मध्येच बंद पडतो, मोहिमाही अपुऱ्या. लॉस्ट अल्फा शेवटपर्यंत खेळता येते. घ्यायचीच तर २०१७ची डेव्हलपर्स कट ही तिची सुधारित आवृत्ती घ्या.

गेम कसा घडत गेला हे तपासायचं असेल, तर १९३५. झोनमध्ये रात्री जागवायच्या असतील, तर लॉस्ट अल्फा.