बडोद्यात ‘ओरिजिनल’ म्हणून खपवलेली डायग्नोस्टिक केबल

मंडळी, गाडीचे फॉल्ट कोड (बिघाडाचे कोड) वाचणं, कोडिंग (गाडीच्या कॉम्प्युटरची सेटिंग बदलणं) वगैरे स्वतः करणाऱ्यांनी हे वाचाच. मकरपुऱ्याला माझ्या आतेभावाचं छोटं गॅरेज आहे, पोलो, रॅपिड, व्हेंटो जास्त येतात. त्याला एका विक्रेत्याने व्हीसीडीएसची (फोक्सवॅगन-स्कोडा गाड्या लॅपटॉपवरून तपासायचं सॉफ्टवेअर) केबल ४५०० रुपयांना विकली, "भाई, ओरिजिनल छे, लाइफटाइम अपडेट" असं छातीठोक सांगून. सोबत पेनड्राइव्ह, त्यात सॉफ्टवेअर, एक लोडर (नकली केबल सॉफ्टवेअरला चालवायला लावणारा प्रोग्रॅम) आणि सूचना की आधी अँटीव्हायरस बंद करा, नेट जोडू नका, मग लोडर चालवा.

आता नीट ऐका, रॉस-टेक कंपनीचं हे सॉफ्टवेअर त्यांच्या साइटवर फुकट मिळतं, पैसे लागतात ते केबलचे, म्हणून अस्सल केबलला लोडर, क्रॅक असलं काहीच लागत नाही. कुणी लोडर हातात ठेवला की केबल नकली, विषय संपला.

सुरुवातीला फॉल्ट कोड बरोबर वाचत होती त्यामुळे संशय यायचं कारणच नव्हतं. मग दांडिया बझारच्या एका काकूंच्या पोलोचं सेंट्रल लॉकिंगचं कोडिंग चालू असताना केबल मध्येच हँग झाली आणि काचा, लॉक सगळंच बंद पडलं! गाडी टो करून सर्व्हिस सेंटरला न्यावी लागली, तिथे लॉक-काचा चालवणारं मॉड्यूल परत कोड केलं, बिल भावाने भरलं. बिचाऱ्या काकू काही बोलल्या नाहीत पण गिऱ्हाईकाचा विश्वास जातो तो जातोच.

नंतर आम्ही केबल उघडली तर चिपवरची अक्षरं घासून काढलेली, सोल्डरचे गोळे तसेच, बोट लावलं तर चिकट. यातली यूएसबी चिप पण बऱ्याचदा नकली असते, २०१४ मध्ये एफटीडीआय या मूळ चिप बनवणाऱ्या कंपनीचा ड्रायव्हर विंडोज अपडेटमधून आला आणि त्याने नकली चिपांचा आयडी शून्य करून टाकला, कॉम्प्युटरला केबल दिसेचना. फॉल्ट कोड वाचणाऱ्या स्वस्तातल्या ईएलएम ३२७ अडॅप्टरचं पण तेच, ‘व्हर्जन १.५’ लिहिलेलं असेल तर सोडून द्या, मूळ कंपनीने ते व्हर्जन काढलंच नव्हतं.

त्याच लॅपटॉपवर भावाचा मेल आणि गॅरेजचे हिशोब होते. मेलमध्ये दुसरंच कुणीतरी शिरलं, रिकव्हरी नंबरसुद्धा बदलला. त्या लोडरमुळेच का हे सिद्ध करता येत नाही, पण अँटीव्हायरस तेव्हापासून बंदच होता. विक्रेता फोन उचलत नाही, बिल त्याने दिलंच नव्हतं.

तुमच्याकडे असली केबल असेल तर कोडिंग अजिबात करू नका, एअरबॅग आणि एबीएसला तर हात पण लावू नका. पासवर्ड दुसऱ्या मोबाइलवरून बदला, लॅपटॉप फॉरमॅट करा, आणि खात्यातून पैसे गेले तर लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन करा.