माइनक्राफ्टमधलं नेदराइट: चार आण्याची कोंबडी, बारा आण्याचा मसाला

नेदराइट म्हणजे माइनक्राफ्ट या खेळात हिऱ्याच्या वस्तूंवर चढवायचा धातू. त्याचा पूर्ण संच कितीला पडतो, असं विचारलं की बहुतेकजण इनगॉट, म्हणजे धातूच्या लगडी, मोजतात. चिलखताचे चार भाग, शिवाय तलवार, पिकॅक्स, कुऱ्हाड, फावडं आणि खुरपं, म्हणजे नऊ इनगॉट. एका इनगॉटला चार स्क्रॅप (एन्शंट डेब्री हे खनिज भट्टीत वितळवलं की एकाचा एक मिळतो) आणि चार सोन्याचे इनगॉट लागतात. म्हणून ३६ एन्शंट डेब्री आणि ३६ सोनं. २०२० मध्ये १.१६ आवृत्तीसोबत हा धातू खेळात आला तेव्हा हा हिशेब पुरत होता. २०२३ च्या १.२० नंतर पुरत नाही, कारण आता स्मिदिंग टेबलवर हिऱ्याच्या वस्तूची नेदराइटची करताना दरवेळी एक अपग्रेड टेम्प्लेट, म्हणजे साचाही, खर्ची पडतो.

एका टेम्प्लेटची दोन करायला सात हिरे आणि एक नेदररॅक (नेदर या खेळातल्या पाताळाचा साधा दगड) लागतो. हातात एकच टेम्प्लेट असेल तर नऊ वस्तूंसाठी आठ वेळा नक्कल, म्हणजे ५६ हिरे. हिऱ्याच्या मूळ नऊही वस्तू बनवायला मिळून लागतात ३५. म्हणून मथळ्यातला मसाला.

पहिलं टेम्प्लेट मिळतं बॅस्टियनमध्ये, म्हणजे नेदरमधल्या पडक्या किल्ल्यात. ट्रेझर प्रकारच्या बॅस्टियनच्या खजिन्याच्या पेटीत ते हमखास असतं, बाकीच्या पेट्यांत शक्यता १० टक्के. अंगावर सोन्याच्या चिलखताची एक वस्तू घातली की तिथले डुकरासारखे रहिवासी, पिगलिन, गप्प बसतात, पण त्यांच्या डोळ्यांदेखत पेटी उघडली की खवळतात. पिगलिन ब्रूटला तर सोन्याचंही सोयरसुतक नाही, तो दिसताक्षणी अंगावर येतो.

खाणकामासाठी वाय १५ (वाय म्हणजे उंचीचा आकडा) हीच पातळी धरा. डेब्री उघड्या हवेला लागून तयारच होत नाही, त्यामुळे गुहांमधून हिंडून उपयोग नाही, दगड फोडावाच लागतो. स्फोटाने डेब्रीला काही होत नाही आणि भोवतीचा नेदररॅक मात्र भुसभुशीत, म्हणून पलंगाची युक्ती चालते: एक रुंद, दोन उंच बोगदा काढायचा, पुढे पलंग ठेवायचा, आपल्या आणि पलंगाच्या मध्ये एक ठोकळा लावायचा आणि त्यावरून पलंगावर क्लिक करायचं. नेदरमध्ये पलंग झोपायला देत नाही, फुटतो. पलंगाचा स्फोट टीएनटीपेक्षा जोरदार असतो. तीन लोकर आणि तीन फळ्यांत होतो म्हणून स्वस्तही पडतो, पण एकावर एक रचता येत नसल्याने पिशवी लगेच भरते. टीएनटीचे ६४ एका खणात मावतात. गनपावडरचा साठा असेल तर टीएनटीच सोयीचं.

घात होतो तो लाव्ह्यामुळे. ही पातळी लाव्ह्याच्या समुद्राच्या खालची आहे, स्फोटाने भिंत फुटली की लोंढा आत येतो, आणि नेदरमध्ये लाव्हा झपाट्याने पसरतो. पाणी तिथे ओतता येत नाही. आठ मिनिटांचं फायर रेझिस्टन्स पोशन पिऊनच पहिला पलंग फोडा. डेब्री उचलायला हिऱ्याचं किंवा नेदराइटचं पिकॅक्सच हवं. फॉर्च्युन या जास्त माल पाडणाऱ्या इन्चँटमेंटचा (वस्तूवर चढवलेल्या जादूचा) इथे काही फायदा नाही.

आता माल कसा आहे? संगणकावरच्या जावा आवृत्तीपुरतं बोलायचं तर पिकॅक्सचं आयुष्य १५६१ वापरांवरून २०३१ वर जातं, ही वाढ ठसठशीत आहे. चेस्टप्लेटचं ५२८ वरून ५९२, म्हणजे जेमतेम. चिलखताचे गुण तर हिऱ्याइतकेच, २०. खरा फरक टफनेसचा: पूर्ण संचाला ८ ऐवजी १२, त्यामुळे मोठे फटके कमी लागतात. शिवाय प्रत्येक भागामागे मागे ढकललं जाण्याला १० टक्के विरोध. कड्याच्या टोकावर लढताना त्याची किंमत कळते. तलवारीचा मार ७ वरून ८.

एक गैरसमज मात्र फार पसरलेला आहे. नेदराइट लाव्ह्यात जळत नाही, घालणारा जळतो! मेल्यावर सामान लाव्ह्यावर तरंगत राहतं एवढाच दिलासा, तोही पाच मिनिटांचा. त्यानंतर ते नाहीसं होतं. निवडुंग आणि एंड या खेळातल्या वेगळ्या जगाखालच्या पोकळीपुढे तर या धातूचंही काही चालत नाही.

अपग्रेड करताना जुने इन्चँटमेंट जसेच्या तसे राहतात. तरीही इन्चँटिंग टेबल वापरणार असाल तर आधी अपग्रेड करा, कारण नेदराइटवर हिऱ्यापेक्षा चांगले इन्चँटमेंट येतात. खेळातल्या ग्रामस्थांकडून इन्चँटमेंटची पुस्तकं घेत असाल तर काहीच फरक पडत नाही. अॅन्व्हिलवर (ऐरणीवर) दुरुस्ती करू नका: एक अख्खा इनगॉट देऊन जेमतेम पाव झीज भरून येते. मेंडिंग लावा, म्हणजे अनुभवाच्या गुणांतून वस्तू आपोआप दुरुस्त करणारं इन्चँटमेंट.

हिरे मोजकेच असतील तर आधी चेस्टप्लेट, मग लेगिंग्ज, मग पिकॅक्स. फावडं हिऱ्याचंच राहू द्या. बीकनखाली (जवळच्या खेळाडूंना शक्ती देणाऱ्या दिव्याखाली) नेदराइटचे ठोकळे रचायची हौस असेल तर १६४ ठोकळ्यांना १४७६ इनगॉट लागतात. लोखंडाच्या ठोकळ्यांवरही बीकन तितकाच चालतो. आणि खुरपं? ते नेदराइटचं केलं की खेळच एक बहुमान देतो, सोबत आयुष्यातल्या निवडींचा फेरविचार करायचा सल्लाही.