मागची तारीख टाकलेली (बॅकडेटेड) नियुक्तीची ऑर्डर घेऊ नका, साहेबाची खरी सही असली तरी

अनुदानित शाळेत 'पैसे द्या, नोकरी लावून देतो' म्हणणारे कसे बोलतात, रोखच का मागतात, हे कुणाला नव्यानं सांगायला नको. तरी लिहितोय, कारण मुलीच्या शिक्षिकेच्या नोकरीसाठी दिलेले माझे १६ लाख ३० हजार गेले आणि आता मुलीलाच आरोपी करायला निघालेत.

मी एसटीत कंडक्टर होतो. मुलगी एम.ए., बी.एड. बी.एड. झाली २०११ ला, आणि २ मे २०१२ ला शासनानं शिक्षकभरतीच बंद केली. पोरगी खाजगी इंग्रजी शाळेत चार हजारांवर राबत राहिली. शिक्षकभरतीचं सरकारी पवित्र पोर्टल आलं तोवर वय निघून चाललं होतं. 'पैसे दिलेच कशाला' म्हणणाऱ्यांनी घरात अशी मुलगी असताना शांत बसून दाखवावं.

२०१९ मध्ये दिले ते असे: माझ्या निवृत्तीच्या पैशातले ६ लाख, दीड एकर विकून आलेले साडेपाच लाख, पतसंस्थेचं ३ लाख कर्ज. पुढे सरकारी पगार सुरू व्हायला लागतो त्या शालार्थ आयडीसाठी १ लाख ८० हजार. पावती फक्त ५० हजारांची, तीही 'इमारत निधीस देणगी' म्हणून. पावतीवर नोकरीचा शब्द नसेल तर ती पावती कोर्टात तुमच्या विरुद्धच बोलते, हे मला वकिलानं नंतर सांगितलं.

नियुक्ती आदेशावर तारीख होती १२ एप्रिल २०१२. मी विचारलं, खोटं सांगत नाही. शाळा चालवणाऱ्या संस्थेचा बाबू म्हणाला, "काका, कायले टेन्शन घेता? बंदीच्या आधीची तारीख हाय, टीईटीबी लागत नाही." टीईटीची (शिक्षक पात्रता परीक्षेची) सक्ती राज्यात १३ फेब्रुवारी २०१३ पासूनची. एकाच तारखेत दोन्ही कुंपणं पार!

मग मुख्याध्यापकांच्या खोलीत जुने हजेरीपट काढले. सात वर्षांच्या सह्या एका दुपारी. शाई एकसारखी दिसू नये म्हणून तीन वेगवेगळी पेनं टेबलावर ठेवलेली. मुलगी थांबली. म्हणाली, "बाबा, २०१४ ला मी बाळंतपणाला तुमच्याकडेच होते. तिथं सही कशी करू?" मी म्हटलं, कर, सगळे करतात. ती खोली अजून डोळ्यांपुढून जात नाही.

आणि लेटरहेड! वर ठळक अक्षरांत 'आयएसओ ९००१:२०१५ मानांकित शाळा'. आदेश २०१२ चा, मानांकन २०१५ चं. हयातभर तिकिटाची तारीख बघून लोकांना गाडीतून खाली उतरवलं आणि हे मला दिसलं नाही. पण फक्त मलाच? त्या कागदावर नियुक्तीला वैयक्तिक मान्यता देणाऱ्या शिक्षण खात्यातल्या साहेबाला दिसलं नाही, शालार्थ आयडी देणाऱ्या कार्यालयाला दिसलं नाही, पगार काढणाऱ्या वेतन पथकाला दिसलं नाही. गोल शिक्का होता, जावक क्रमांक होता, पगार खात्यात पडत होता. बापानं आणखी काय तपासायचं?

२०२५ मध्ये नागपूर विभागातलं बोगस शालार्थ आयडीचं प्रकरण फुटलं, शिक्षण उपसंचालकांना अटक झाली आणि जुन्या नियुक्त्यांची कागदपत्रं सगळीकडे मागवली गेली. आमच्या शिक्षण कार्यालयात जावक रजिस्टर उघडलं, तर त्या क्रमांकावर भलत्याच शाळेचं पत्र. मान्यता रद्द, पगार बंद. घेतलेला पगार वसूल का करू नये, अशी नोटीस मुलीला. संस्थेच्या अध्यक्षाला काय? काही नाही.

पोलीस म्हणाले, दिवाणी बाब आहे. पुन्हा गेलो तर म्हणाले, लाच देणाराही गुन्हेगार असतो, लिहून देताय का? कायदा खरंच तसा आहे: २०१८ च्या दुरुस्तीनंतर, जबरदस्तीनं द्यावी लागली असेल तर सात दिवसांत तक्रार करायची, नाहीतर तुम्हीही आत. सात दिवसांत कोण जातं, हातात ऑर्डर यायची असताना? शिक्षण कार्यालय म्हणतं संस्थेला विचारा, संस्था म्हणते मान्यता त्यांनीच दिली होती. धर्मादाय कार्यालय म्हणतं नियुक्त्या आमच्या अखत्यारीत नाहीत. माहिती अधिकारात उत्तर आलं, 'अभिलेख आढळून येत नाही'. अहो, मग मान्यता रद्द करताना तोच अभिलेख कसा आढळला? पगार द्यायचा तेव्हा कागद खरा, परत घ्यायचा तेव्हा खोटा, आणि दोन्ही वेळा सही करणारी खुर्ची तीच.

शाळा न्यायाधिकरणात जावं म्हटलं, तर वकील म्हणाले, संस्थेनं कामावरून काढल्याचा आदेशच दिलेला नाही, फक्त मान्यता गेली, त्यासाठी हायकोर्ट. (असा आदेश कुणाच्या हातात पडलाच तर न्यायाधिकरणात अपिलाला ३० दिवस असतात, कुठल्या साहेबाच्या आश्वासनावर ते घालवू नका.) पश्चिम बंगालचंही त्यांनीच सांगितलं: ३ एप्रिल २०२५ ला सुप्रीम कोर्टानं तिथल्या शाळांतल्या २५ हजारांवर नियुक्त्या रद्द केल्या आणि ज्यांची नावं गैरप्रकारात निघाली त्यांना पगारही परत करायला सांगितला. त्या रात्री घरात कुणी जेवलं नाही.

ज्यांची बोलणी सुरू आहेत त्यांनी आधी विचारा: जाहिरात कुठल्या पेपरात आली होती, बिंदुनामावलीत (आरक्षणाच्या नोंदवहीत) जागा कुठल्या प्रवर्गाची, संच मान्यतेत (शाळेला मंजूर पदांत) ते पद आहे का. बाबू हसून विषय बदलेल. तिथंच उठा. ज्यांनी दिलेत त्यांनी मूळ कागद संस्थेला 'पडताळणीसाठी' परत देऊ नका. आमच्याकडचा मूळ आदेश असाच मागून नेला, आता हातात झेरॉक्स आहे. बाबूचे फोन रेकॉर्ड करा. हायकोर्टात एकत्र गेलात तर फी तरी वाटली जाईल. मी एकट्यानं ३५ हजार आगाऊ भरलेत आणि पतसंस्थेचा हप्ता चालूच आहे.