क्व्हांटम आणि आर्क थीम: गणपतीपासून आंब्यापर्यंतचा अनुभव

वेंगुर्ल्यात माझं छपाईचं छोटं दुकान आहे. लग्नपत्रिका, दशावताराची हँडबिलं, हंगामात आंबापेट्यांची लेबलं. संगणकावर लिनक्स, त्यात एक्सएफसीई हा हलका डेस्कटॉप. काम मुख्यतः इंकस्केप (चित्रं काढायला) आणि स्क्रायबसवर (पानं जुळवायला). सगळ्या सॉफ्टवेअरचं रूप, म्हणजे थीम, एकसारखी दिसावी म्हणून गेल्या गणपतीनंतर क्व्हांटम बसवलं, आता आंबा संपत आलाय. एवढ्या वापरानंतर लिहायला हरकत नाही.

बटणं, मेनू, खिडक्या काढून देणारे दोन वेगळे संच आहेत, जीटीके आणि क्यूटी. इंकस्केप जीटीकेवर चालतं, स्क्रायबस क्यूटीवर. सेटिंगमध्ये थीम बदलली की इंकस्केप लगेच बदलायचं, स्क्रायबस जसंच्या तसं. जीटीके ३ ची थीम म्हणजे सीएसएसच्या (रंग-मापं लिहायच्या भाषेतल्या) फायली, क्यूटीला त्या कळत नाहीत. क्यूटीला बटणं, मेनू रंगवायला स्टाइल प्लगइन लागतं, म्हणजे डॉट एसओ नावाची तयार प्रोग्रॅमची जोडफाइल. क्व्हांटम हे असंच प्लगइन. त्याची थीम म्हणजे एक एसव्हीजी चित्र आणि सोबत साध्या मजकुराची सेटिंगची फाइल. त्यातली केव्हीआर्क जीटीकेच्या आर्क थीमशी जुळते. क्यूटी५सीटी या क्यूटीच्या सेटिंगच्या सॉफ्टवेअरमधून स्टाइल निवडली, लॉगआउट करून परत आलो आणि दोन्ही सॉफ्टवेअर एका घरची दिसायला लागली.

पण मी हे लिहितोय ते देवनागरीसाठी. क्व्हांटमच्या आधी नेटवरून उतरवलेली एक देखणी थीम वापरत होतो, ओळी एकदम चिकटून. माझ्या फायलींची आणि लेयरची नावं सगळी मराठीत. त्या थीममध्ये वरचे अनुस्वार, रफार आणि खालचे उकार कापले जायचे. ‘आंबा वडी’चं ‘आबा वडी’, ‘काजू’चं ‘काज’. माझ्याकडे टायपिंगला येणारी मुलगी एक दिवस म्हणाली, “दादा, ह्यो सावत कोण?” पत्रिका सावंतांची होती, टिंब मेनूच्या कडेखाली गेलेलं. छापायच्या मजकुरात काही बिघडत नव्हतं, पण दिवसभर अर्धी अक्षरं वाचून डोळे थकायचे आणि फाइल उघडताना दोनदा खात्री करावी लागायची.

कारण शोधायला बरेच दिवस गेले. ओळीची उंची मुख्य फॉन्टवरून काढली जाते. माझा मुख्य फॉन्ट फक्त रोमनचा, देवनागरी अक्षरं दुसऱ्याच फॉन्टमधून उसनी यायची आणि त्यांना वर-खाली जास्त जागा लागते. आधी मुख्य फॉन्ट म्हणून ‘मुक्त’ नावाचा फॉन्ट लावला, त्यात दोन्ही लिप्या आहेत. निम्मं काम तिथेच झालं. मग केव्हीआर्कची प्रत होम फोल्डरमध्ये घेऊन मेनूच्या विभागात मजकुराचा वरचा-खालचा समास वाढवला. जीटीकेच्या बाजूला हेच काम स्वतःच्या सीएसएस फाइलमध्ये दोन ओळींत होतं. बदल आपल्या प्रतीत असल्यामुळे अपडेट आले तरी पुसले गेले नाहीत. आता ‘कीर्तन महोत्सव’ रफारासकट दिसतो, आणि खरं सांगतो, पहिल्यांदा तो पूर्ण दिसला तेव्हा मला फार बरं वाटलं.

रंगांचं म्हणाल तर डोळ्यांना बरी म्हणून आधी काळी थीम लावली होती. माझं दुकान पश्चिमेला उघडतं. चारनंतर समुद्राकडचं ऊन थेट आत येतं, तेव्हा काळ्या पडद्यात माझाच चेहरा आणि मागचा रस्ता दिसायचा. म्हणून दिवसा उजळ केव्हीआर्क, दिवेलागणीनंतर गडद. एका कळीवर दोन्हीकडची थीम बदलणारी छोटी स्क्रिप्ट केली आहे. इंकस्केप चालू असतानाच बदलतं, स्क्रायबस बंद करून उघडावं लागतं. पारदर्शक मेनू आणि धूसर पार्श्वभूमी पहिल्याच आठवड्यात बंद केली, जुन्या मशीनला ती झेपत नाही.

एक गोष्ट आधी माहीत असती तर एक संध्याकाळ वाचली असती. पीडीएफ बघायला एक नवं सॉफ्टवेअर घेतलं, ते क्यूटी ६ वरचं निघालं आणि पुन्हा परक्यासारखं दिसायला लागलं. क्यूटी ५ साठी बांधलेलं प्लगइन क्यूटी ६ उचलत नाही, त्याचं पॅकेज वेगळं घ्यावं लागतं. थीमच्या फायली मात्र त्याच चालतात, समासाची मेहनत वाया गेली नाही.

ग्नोम या दुसऱ्या डेस्कटॉपची, लिबअडवेटा या त्याच्या स्वतःच्या लायब्ररीवर बांधलेली नवी ॲप्स बाहेरची थीम घेत नाहीत, उजळ किंवा गडद एवढंच ऐकतात. तसा एक मजकूर-संपादक माझ्याकडे आहे. त्याचा तोंडवळा वेगळा राहिला, पण त्यात टिंब कापलं जात नाही, म्हणून तो ठेवलाय.