एकतर्फी मनाई मागावी की नोटीस देऊन भांडावं?

नवी मुंबईतल्या घणसोली-कोपरखैरणेच्या गावठाणात वडिलोपार्जित सामाईक घर आहे, चुलतभावाने परस्पर बिल्डरशी करार केलाय, आणि जेसीबी कधीही दारात उभा राहील अशी कुणकुण लागली आहे. हे लिहिणं अशा माणसासाठी. पोलीस ठाण्यात ‘हा दिवाणी वाद आहे’ हे ऐकून झालेलंच असतं. वॉर्ड ऑफिसात तक्रार जरूर टाका, पण महापालिका बांधकामाची परवानगी तपासते, भावकीतला हिस्सा नाही. उरतं दिवाणी कोर्ट.

दाव्यासोबत तात्पुरत्या मनाईचा, म्हणजे निकालापर्यंत पाडकाम किंवा विक्री थांबवण्याचा, अर्ज जातो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 39 खालचा हा अर्ज आपल्याकडे ‘निशाणी 5’ याच नावाने ओळखला जातो. तो मंजूर व्हायला प्रथमदर्शनी केस (वरवर पाहता तुमच्या म्हणण्यात दम आहे), सोयी-गैरसोयीचा तोल (मनाई न मिळाल्यास तुमची गैरसोय समोरच्यापेक्षा जास्त) आणि भरून न निघणारं नुकसान, तिन्ही दाखवावी लागतात. बहुतेक अर्ज तिसऱ्यावर अडखळतात. पैशात भरपाई होण्यासारखं असेल तर कोर्ट सहसा मनाई देत नाही.

आता निवड. पहिला पर्याय म्हणजे समोरच्याला न कळवता तूर्तातूर्त मनाई मागणं. याच आदेशाच्या नियम 3 प्रमाणे आधी नोटीस देणं हीच रीत आहे. नोटिशीला लागणाऱ्या वेळेत अर्जाचा हेतूच फसेल असं कोर्टाला वाटलं तरच एकतर्फी हुकूम मिळतो, आणि तोही कारणं नमूद करून. हुकूम हाती आला म्हणून निवांत बसू नका. दावा, अर्ज, शपथपत्र, कागदपत्रं समोरच्याला लगेच रवाना करायची आणि तसं शपथपत्र त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी कोर्टात द्यायचं. यात हयगय झाली की समोरचा वकील पहिला मुद्दा हाच काढतो. दुसरी खबरदारी जास्त महत्त्वाची: जुना वाटपपत्राचा कागद, आधीचा दावा, बिल्डरकडून घेतलेले पैसे, काहीही लपवू नका. जाणूनबुजून खोटं सांगितलेलं निघालं तर नियम 4 खाली मनाई उठते, आणि पुरेशा कारणाविना मनाई घेतली असं ठरलं तर संहितेच्या कलम 95 खाली 50,000 रुपयांपर्यंत भरपाई बसू शकते. एकतर्फी मनाईनंतर 30 दिवसांत अर्ज निकाली काढावा असं कायदा म्हणतो. प्रत्यक्षात काय होतं ते कोर्टाच्या पायऱ्या चढलेल्यांना सांगायला नको.

दुसरा पर्याय म्हणजे नोटीस काढून दोन्ही बाजूंची सुनावणी. लोकांना हा मिळमिळीत वाटतो. मला तो बऱ्याचदा शहाणपणाचा वाटतो. नोटीस हमदस्त घ्या, म्हणजे स्वतःच्या हाताने बजावायला घ्या, मग बजावणीसाठी कोर्टाच्या बेलिफाच्या फेरीची वाट पाहावी लागत नाही. पहिल्या तारखेला प्रतिवादीचा वकील ‘म्हणणं द्यायला वेळ द्या’ म्हणतो. तिथेच तुमच्या वकिलाने ‘तोवर पाडकाम करणार नाही अशी पुरसीस (कोर्टात लेखी निवेदन) द्या’ हा आग्रह धरायचा. अशी पुरसीस मिळाली तर न भांडता संरक्षण मिळतं. शिवाय दोन्ही बाजू ऐकून झालेला हुकूम अपिलात सहजासहजी हलत नाही.

माझं मत सरळ आहे. पाडकाम असेल तर एकतर्फी मागा, कारण पडलेलं घर पुन्हा उभं राहत नाही. विक्रीची भीती असेल तर नोटिशीने जा. दावा चालू असताना झालेली विक्री मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम 52 मुळे दाव्याच्या निकालाला बांधील राहते. त्यासाठी दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवून घ्या.

‘जैसे थे’ हुकूम मात्र जपून घ्या. त्या दिवशी भिंत किती उंच होती हे कागदावर नसेल तर दोघंही आपापलं ‘जैसे थे’ सांगतात. कोर्ट कमिशनर (कोर्टाने जागा पाहायला नेमलेला माणूस) नेमून जागेचा पंचनामा मागा, निदान तारखेसह फोटो तरी लावा.

गावठाणातली खरी अडचण कागदांची. घराला सातबारा नसतो, प्रॉपर्टी कार्डही अनेकांकडे नाही. घरपट्टीची पावती ताबा दाखवायला कामी येते, मालकी सिद्ध करायला नाही. सहहिस्सेदाराविरुद्ध नुसत्या मनाईचा दावा लंगडा पडतो, कारण प्रत्येक हिस्सेदाराचा ताबा सगळ्या मिळकतीवर धरला जातो. वाटपाचा दावा करून त्यात मनाई मागा. मालकीच वादात असेल तर आधी मालकी कोर्टाकडून जाहीर करून मागावी लागते (डिक्लरेशन), नुसती मनाई पुरत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2008 साली स्पष्ट केलं आहे.

काही तक्रारींचं दारच वेगळं. रेराच्या, म्हणजे बिल्डरांच्या प्रकल्पांवर देखरेख ठेवणाऱ्या कायद्याच्या, कक्षेतल्या बाबीत दिवाणी कोर्ट मनाई देऊ शकत नाही, त्या कायद्याचं कलम 79 आडवं येतं. सोसायटीच्या कारभाराचा वाद बहुधा सहकार न्यायालयात जातो. आणि खारघर-कामोठ्याला आपण नवी मुंबई म्हणत असलो तरी जिल्हा रायगड. तिथल्या घरासाठी पनवेल गाठा, ठाणे नव्हे.

मनाई हुकूम मोडला तर आदेश 39 च्या नियम 2अ खाली मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते, पण अर्ज तुम्हालाच करावा लागतो. आणि हे वाचणारा तो चुलतभाऊच असेल, तर त्याने कॅव्हेट, म्हणजे ‘मला ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नका’ असा अर्ज, दाखल करून ठेवावं. ते 90 दिवस चालतं, आणि तोवर त्याला न ऐकता मनाई होत नाही.