थरथरच नसलेली ब्लेड: ऑनलाइन लुअर घेताना झालेली फसवणूक

ऑनलाइन ब्लेड बेट, म्हणजे मासेमारीसाठी गळाला लावायचं पत्र्याचं खोटं आमिष (लुअर), मागवणार असाल तर आधी हे वाचा आणि मगच ऑर्डर टाका. एका विक्रेत्याने ब्लेडच्या नावाखाली मला रंगवलेला पत्रा विकला. पैसे परत मागितल्यावर तो जसा वागला, ते तर मालापेक्षाही वाईट होतं.

जाहिरात चोख होती. पितळी पत्रा, शिशाचं डोकं, वजन 14 ग्रॅम, पाठीवर तीन भोकं, दणकट ट्रेबल हुक (तीन टोकांचे गळ). सोबत पाण्याखालचा व्हिडिओ, त्यात ब्लेड वर खेचली की अशी थरथरते की बघतच राहावं. खाली पाच चांदण्यांचे शेकडो रिव्ह्यू. पाकीट उघडलं तेव्हा आतली वस्तूही हुबेहूब तशीच दिसत होती. ही फसवणूक खपते ती यामुळेच. ब्लेड चांगली की वाईट हे डोळ्यांना कळत नाही.

कारण ब्लेडचा सगळा जीव तिच्या तोलात असतो. रॉडचं टोक उचललं की पाणी पत्र्याला एका बाजूला रेटतं, खालचं वजन त्याला सरळ करतं, आणि या ओढाताणीत पत्रा डावी-उजवीकडे झपाझप हलतो. ती थरथर लाईनमधून, म्हणजे गळाच्या दोरीतून, थेट मुठीत येते. थंड पाण्यात वॉलआय, बास, पर्च हे शिकारी मासे तळाशी सुस्तावलेले असतात, लांबवर पाठलाग करत नाहीत. पण त्यांच्या अंगावरच्या पार्श्वरेषेला, म्हणजे पाण्यातली हालचाल टिपणाऱ्या इंद्रियाला, हे कंपन कळतं आणि ते जवळ आलेल्या ब्लेडवर तुटून पडतात, बहुतेकदा ती खाली पडत असताना. थरथरच नसेल तर उरतो फक्त हुक लावलेला धातूचा तुकडा.

या ब्लेडने मुठीत काहीच पोचवलं नाही. पुढच्या भोकात स्नॅप (लाईनच्या टोकाची क्लिप) लावला तर बारीक, वेगवान थरथर यायला हवी. मागच्या भोकात लावला तर मोठे हेलकावे. इथे तिन्ही भोकांत एकच गत: ब्लेड कुशीवर पडून गिरक्या घेत खाली जायची आणि हुक लाईनमध्ये गुंतायचे. मग त्याच रॉडला, त्याच स्नॅपमध्ये माझी जुनी ब्लेड अडकवली. पहिल्याच उचलीला मूठ झणझणली.

घरी वजन केलं तर हुकांसकट जेमतेम 10 ग्रॅम. हुक आणि रिंगा काढून पत्र्याला लोहचुंबक लावलं, खटकन चिकटलं. पितळेला चुंबक चिकटत नाही. म्हणजे आत मुलामा दिलेलं लोखंड. डोक्याचा रंग खरवडून ते पांढऱ्या कागदावर घासलं. शिसं मऊ असतं, पेन्सिलीसारखी करडी रेघ ओढतं. इथे कागद कोराच राहिला. शिशाची घनता 11.3, जस्ताची 7.1. साच्यात शिशाऐवजी जस्ताचा मिश्रधातू ओतला तर 10 ग्रॅमचं डोकं साधारण सव्वासहा ग्रॅमचं होतं. गायब झालेल्या चार ग्रॅमचा हिशोब बहुधा तिथेच लागतो. खालचं वजन कमी झालं की पत्र्याला सरळ करणारी ओढच उरत नाही.

पैशांपेक्षाही मला जास्त लागलं ते वेगळंच. त्या निर्जीव ब्लेडवरही एक मासा लागला. चांगला जड होता. किनाऱ्याजवळ आल्यावर हुक अडकवायची तारेची कडी, म्हणजे स्प्लिट रिंग, उघडली आणि तो तोंडातला ट्रेबल घेऊन निघून गेला. लाईनच्या टोकाला राहिला तो नुसता पत्रा, आणि त्याच्या भोकात सरळ झालेली तारेची रिंग. हलक्या मालाची खरी किंमत माशाने मोजली, याचा मला आजही राग आहे.

विक्रेत्याचं पहिलं उत्तर: “तुम्हाला वापरता येत नाही.” वजनाचा फोटो आणि चुंबकाचा व्हिडिओ पाठवल्यावर सूर एकदम मऊ. “तपासतो, दोन दिवस द्या.” मग आणखी दोन दिवस. मग निम्मे पैसे देतो, पण रिव्ह्यू काढून टाका. मी नकार दिला, तर माल स्वखर्चाने परत पाठवायला सांगितला, आणि तो खर्च मालाच्या किमतीहून जास्त. या गोड बोलण्यात तक्रारीची मुदत संपवायची, हाच त्याचा डाव होता. मी मुदतीच्या आत साइटवर रीतसर तक्रार नोंदवली होती म्हणून पैसे मिळाले. फोनवर बोलून, चॅटवर विनवून काही होत नाही. तक्रार नोंदवा, मग काय बोलायचं ते बोला.

चांदण्यांचं गौडबंगालही नंतर उलगडलं. जुने रिव्ह्यू उघडले तर निम्मे भलत्याच वस्तूबद्दल होते. जुन्या जाहिरातीत फोटो बदलून नवा माल घुसवलेला. उरलेले “पॅकिंग छान, लवकर मिळालं” छापाचे, म्हणजे लुअर पाण्यात पडायच्या आधीचे. एक-दोन चांदण्यांचे रिव्ह्यू आधी वाचा. त्यात “थरथरत नाही”, “रिंग उघडली” असं दिसलं तर तिथूनच मागे फिरा.

पाकीट आलं की ते उघडताना व्हिडिओ काढा, त्याच दिवशी वजन करा, चुंबक लावा. काही ब्लेड स्टीलच्या असतात आणि स्टीलच्या काही प्रकारांना चुंबक चिकटतं, म्हणून जाहिरातीत धातू कोणता लिहिलाय ते पाहूनच निष्कर्ष काढा. मग खोल पिंपात पाणी भरून, लाईन बांधून ब्लेड वीतभर झटकन उचला. चांगली ब्लेड तेवढ्यातही हाताला कळते.

त्या विक्रेत्याचं दुकान आता बंद दिसतं. तोच व्हिडिओ मात्र दुसऱ्या नावाच्या दुकानावर चालू आहे, आणि तिथेही 14 ग्रॅमच लिहिलंय.