जुन्या डेस्कटॉपसाठी ‘फिफा ०७’ की ‘पीईएस ६’?

गावाकडच्या जुन्या डेस्कटॉपवर फुटबॉलचा एकच खेळ ठेवायचा असेल, तर २००६ साली आलेल्या दोन खेळांतून निवड करावी: ईए स्पोर्ट्‌सचा ‘फिफा ०७’ किंवा कोनामीचा ‘प्रो इव्होल्यूशन सॉकर ६’, म्हणजे पीईएस ६. एकदा बसवल्यावर दोन्ही इंटरनेटशिवाय चालतात. यवतमाळ जिल्ह्यातल्या आमच्या गावात हीच बाब आधी पाहावी लागते.

संघांच्या खऱ्या नावांच्या बाबतीत फिफा सरस आहे. पीईएसमध्ये नावे वापरण्याच्या परवान्याअभावी इंग्लिश क्लब चेल्सीचे ‘लंडन एफसी’ आणि लिव्हरपूलचे ‘मर्सीसाइड रेड’ झाले आहे. जर्मन लीग तर त्यात नाहीच. मात्र एडिट मोडमध्ये संघांची नावे बदलता येतात. माझ्या धाकट्या भावाने मे महिन्यातल्या दुपारी कूलरसमोर बसून इंग्लिश संघांची खरी नावे एकेक करून टाइप केली होती.

प्रत्यक्ष खेळात मात्र माझे मत ठामपणे पीईएसच्या बाजूने आहे. त्यात चेंडू पायाला चिकटून राहत नाही. खेळाडूचे अंग वळलेले असताना पास दिला तर तो भरकटतो, आणि शॉटचे बटण क्षणभर जास्त दाबले गेले तर चेंडू गोलपोस्टवरून जातो. ब्राझीलच्या आद्रियानोचा डाव्या पायाचा फटका ज्याने एकदा मारून पाहिला, तो ते बटण किती वेळ दाबायचे हे बोटाने शिकतो. कामठीच्या मैदानावर खरा फुटबॉल पाहिलेल्या माणसाला पास आणि शॉटचे हे चुकणे ओळखीचे वाटेल. फिफात गोल लवकर जमतात, म्हणून अगदी नवख्याला तो सोपा जातो.

एकट्याने दीर्घकाळ खेळायचे असेल तर पीईएसची मास्टर लीग, म्हणजे एकच संघ हाती घेऊन अनेक हंगाम खेळण्याचा प्रकार, घ्यावी. कास्तोलो, मिनांडा अशा काल्पनिक, सामान्य खेळाडूंना घेऊन संघ उभा करताना त्यांच्यावर खरोखर जीव जडतो. लोडशेडिंग असल्यास सामना ५ मिनिटांचा ठेवावा आणि प्रत्येक सामन्यानंतर सेव्ह करावे.

दोघांनी एकाच कीबोर्डवर खेळू नये. एकाच वेळी अनेक बटणे दाबली की काहींची नोंदच होत नाही आणि भांडणे होतात. खेळासोबतच दोन यूएसबी जॉयस्टिक घ्याव्यात. डिस्क आता जुनीच मिळेल, तेव्हा पैसे देण्याआधी ती उजेडात तिरकी धरून ओरखडे तपासावेत.